भिंतीतलं चौऱ्याऐंशी साल

सोस्तेनाच्या घरी जाणाऱ्या पाहुण्याला आमच्या ला ग्रुया गावात एकच सूचना मिळायची. बस, खा, हवं तर भांड, पण भिंतीला पाठ टेकू नकोस. एकदा एक पाद्री टेकून बसले, तर बाईने त्यांनाही उठवलं. आशीर्वाद नंतर द्या, म्हणाली, आधी तिथून हला.

तिच्या भिंती होत्याच तशा. आमच्याकडे मातीच्या विटा पाडून घर उभं करतात ते पुरुष, आणि चार दिवस काम करून चार वर्षं छाती फुगवून हिंडतात तेही पुरुषच. पण घर टिकतं ते बायकांच्या हातामुळे. हिवाळाभर कोपऱ्यातल्या चुलीचा धूर भिंतीवर बसतो. मग जूनमध्ये, संत हुआनच्या सणाआधी, बायका टेकडीवरची पांढरी माती आणतात, भाजतात, कुटतात, गव्हाच्या खळीत कालवतात आणि मेंढीच्या कातड्याच्या तुकड्याने भिंतीला पोतारा देतात. घर पुन्हा लख्ख. दर वर्षी एक थर, त्यावर एका हिवाळ्याची काजळी, त्यावर पुन्हा थर. असं न करणाऱ्या घरात मुलगी द्यायला लोक दोनदा विचार करत.

आणि या कामात सोस्तेना बाकाचा हात धरणारं डोंगराच्या या बाजूला कोणी नव्हतं. इतर बायकांच्या भिंतीवर कातड्याचे फराटे दिसत, हिच्या भिंतीवर ओरखडा म्हणून दिसत नसे. शेवटी ओल्या कापडाने ती इतकं घोटायची की सकाळचं ऊन आलं की खोली दुधाने भरल्यासारखी दिसे. हे तिला ठाऊक होतं, आणि ते लोकांना सांगायला तिला कोणाची मदत लागत नसे.

याच गर्वापायी शेजारच्या दोमितिलाशी तिचं विळ्या-भोपळ्याचं सख्य झालं होतं. अठराशे ऐंशी साली गावच्या बायका मिळून चर्चच्या आतल्या भिंती पोतारत होत्या. दोमितिला डावखुरी. तिचे फराटे सगळ्यांच्या उलट वळायचे, आणि घोटायचा तिला कंटाळा. सोस्तेनाने ते पाहिलं, काही बोलली नाही, पण दुसऱ्या दिवशी पहाटे एकटी चर्चमध्ये गेली आणि दोमितिलाने केलेला सगळा भाग नव्याने पोतारून आली. वर विहिरीपाशी म्हणाली की देवाच्या घराची भिंत गायीने चाटल्यासारखी दिसू नये. झालं. त्या दिवसापासून दोमितिला तिच्याशी एक शब्द बोलली नाही. दोघींच्या दारांत पन्नास पावलांचं अंतर, मधून पाट वाहतो, आणि सतरा वर्षं दोघी त्या पाटाच्या दोन काठांवर एकमेकींकडे न बघता भांडी घासत आल्या होत्या.

हे सगळं चाललं असताना जग बदलत होतं. आमच्या पणजोबांना जुन्या सरकारने दिलेलं वतन, त्याचा कागद, डोंगर आणि कुरणं, सगळं नव्या सरकारच्या कोर्टात गेलं आणि कुरणं तिथेच राहिली. हाती काय उरलं, तर घरं आणि घरामागे पाटापासून टेकडीपर्यंत गेलेल्या शेताच्या पट्ट्या. त्यासाठीही अट होती. सरकारी मोजणीदार येईल, त्याच्यापुढे सलग वीस वर्षांची वहिवाट सिद्ध करायची, मग पट्टी तुमची. सलग म्हणजे सलग. मध्ये घर ओस पडलेलं चालणार नाही.

टेकडीपलीकडे गुरांची एक कंपनी आली होती. आमची कुरणं तिने आधीच तारांनी वेढली होती. आता तिला पाणी हवं होतं, आणि गावाच्या पाटाचं तोंड, जिथे फळी उचलून नदीचं पाणी आत घेतात ते, नेमकं सोस्तेनाच्या कुंपणात होतं. म्हणून सत्त्याण्णव सालच्या मे महिन्यात मोजणी आली तेव्हा कंपनीने गावातल्या तेवीस घरांपैकी फक्त एकाच घरावर हरकत घेतली. ते घर गेलं की बाकीची बावीस दोन उन्हाळ्यांत आपोआप उठली असती. कुठल्याही पोराला कळावं इतकं ते उघड होतं. आयत्या बिळावर नागोबा म्हणतात ते हेच.

हरकत खोटी नव्हती, हीच तर पंचाईत होती. त्र्याऐंशीच्या पानगळीत सोस्तेनाचा नवरा कासिमिरो छातीच्या दुखण्याने अंथरुणाला खिळला. तिने त्याला गाडीत घालून सांता फेला बहिणीकडे नेलं. तिथे तो वसंतात गेला. त्याचं सगळं आटपून ती चौऱ्याऐंशीच्या ऑगस्टमध्ये एकटी परत आली. दहा महिने. कंपनीचा कारभारी प्रुइट याने शहरातल्या दवाखान्याचा दाखला मिळवला होता, आणि बहिणीच्या तिथल्या शेजारणीचा जबाबही. दहा महिने घर ओस, चूल बंद, वहिवाट तुटली. शिवाय आपला माणूस त्या काळात इथून जात असे आणि त्याने दाराला अडसर पाहिला आहे, असंही त्याने लिहून दिलं होतं.

सोस्तेनाचा भाचा एपिमेनियो मिशनच्या शाळेत इंग्रजी शिकलेला. दुभाष्याचं काम त्याच्याकडेच होतं. आदल्या दिवशी तो मावशीला समजावून थकला. मी तर गेलेच नव्हते, नवऱ्याला बहिणीच्या स्वाधीन करून लगेच परतले, असं सांग म्हणाला. गावातली वीस माणसं तसंच सांगतील.

"आणि मेलेल्या माणसाला काय सांगू?" सोस्तेना म्हणाली. "तू शेवटच्या श्वासाला हाक मारलीस तेव्हा मी तिथे नव्हतेच, घरी भांडी घासत होते?"

"मावशी, गावाचं पाणी जाईल."

"पाणी राखायला मी कासिमिरोला एकट्याला मरू दिलं असं लिहून देणार नाही. दुसरं काही सुचत असेल तर बोल, नाहीतर जेव."

एपिमेनियो जेवला.

मोजणीदार गार्व्हर उन्हाने रापलेला, कमी बोलणारा माणूस होता. साखळी, होकायंत्र आणि वह्या घेऊन तो दहाच्या सुमारास आला आणि जागेवरच चौकशी करू म्हणाला. सोस्तेनाच्या मोठ्या खोलीत मेज मांडलं. गाव दारात, अंगणात, खिडकीबाहेर दाटलं. गार्व्हर भिंतीपासून हातभर अंतर सोडून बसला. त्याला कोणी तरी आधीच सांगितलं असावं. प्रुइट मात्र आला तो सरळ भिंतीलाच टेकला, आणि सोस्तेनाने त्याला एपिमेनियोमार्फत नाही, हाताने उठवलं.

विचारलं तेव्हा तिने सरळ सांगितलं. होय, दहा महिने मी इथे नव्हते. नवरा मरत होता. परत आले तेव्हा भिंती पांढऱ्याच होत्या, कारण चूल पेटलीच नव्हती. अंगणात हळू आवाजात शिव्या सुरू झाल्या. त्या तिला होत्या की प्रुइटला, कळायला मार्ग नव्हता. प्रुइटने हात चोळले आणि हे लिहून घ्यावं अशी विनंती केली.

गावचे म्हातारे पुढे आले. सोस्तेनाचं घर कधी ओस नव्हतं, आम्ही येत जात होतो, आमचा शब्द घ्या, म्हणाले. गार्व्हरने ऐकून घेतलं आणि नकारार्थी मान हलवली. ज्याचा या पाटावर हक्क आहे त्याची साक्ष या दाव्यात धरता येत नाही, असा नियम होता, आणि पाटावर हक्क नसलेलं माणूस ला ग्रुयात फक्त दफनभूमीत सापडलं असतं. तो म्हणाला, मला वाईट वाटतं, पण ज्याने या पाटाचं पाणी प्यालेलं नाही असा साक्षीदार आणा.

सोस्तेना उठली. कोपऱ्यातल्या चुलीजवळ गेली आणि भिंतीवर तळवा ठेवला.

"हिला विचारा," ती म्हणाली. "हिला तोंड नाही, त्यामुळे ती पीत पण नाही आणि खोटंही बोलत नाही."

मग तिने समजावून सांगितलं, आणि एपिमेनियोने घाम पुसत भाषांतर केलं. दर जूनला एक पांढरा थर. दोन थरांमध्ये एका हिवाळ्याची काजळी. शहात्तर साली टेकडीवरची पांढऱ्या मातीची खाण दरड कोसळून बुजली होती, म्हणून त्या एका वर्षी अख्ख्या गावाने ओढ्यातली लाल माती वापरली. त्याच वर्षी चर्चचं नवं दार बसलं. त्याच्या तुळईवर साल कोरलेलं आहे, आणि तिथे खरवडून पाहिलं तर लाल माती निघेल. तेव्हा माझ्या भिंतीत लाल थरापर्यंत जा आणि मोजत वर या. शहात्तरनंतर आजवर वीस जून गेले. एकोणीस थर निघतील. एक निघणार नाही, तो चौऱ्याऐंशीचा. तेवढा मी मान्य केलाच आहे. पण बाकीचे एकोणीस डोळ्यांनी बघा, आणि मग मला बेघर ठरवा.

एपिमेनियो चौऱ्याऐंशीच्या थराशी अडखळला. हे म्हणजे हात दाखवून अवलक्षण, त्याने मावशीच्या कानात सांगितलं. कंपनीला नेमकं ते एक रिकामं वर्ष हवं आहे आणि तू ते भिंतीतून काढून ताटात वाढते आहेस. सोस्तेनाने त्याच्याकडे पाहिलंही नाही. तिचा हिशेब सरळ होता. ज्याला डोळे आहेत तो माणूस एकोणीस वर्षांची मेहनत बघून एका मरणाची सूट देईल. न देईल तर त्याला डोळे नाहीत, आणि आंधळ्याच्या हातून जमीन गेली तर त्यात लाज तिला नाही.

प्रुइट तर आनंदाने उठूनच उभा राहिला. मोजाच, म्हणाला. मी स्वतः मोजतो, म्हणजे फसवाफसवीला जागा नको.

सोस्तेनाने स्वयंपाकाची सुरी घेतली. चुलीवर घेवडा खदखदत होता. जी बाई पाद्र्याला टेकू देत नव्हती तिने आपल्या हाताने, खांद्याच्या उंचीवर, ती दुधासारखी भिंत कापली. अंगणातल्या बायकांपैकी दोघींनी तोंड फिरवलं, हे गावाने पाहिलं.

तिने पायऱ्या पाडल्या. वरचा थर हातभर रुंद सोलला, त्याखालचा त्याहून बोटभर कमी, त्याखालचा आणखी बोटभर कमी. खळीतली माती पापुद्र्यासारखी सुटत गेली आणि प्रत्येक पायरीवर एक पांढरी पट्टी आणि तिच्या कडेला काजळीची काळी रेघ उघडी पडली. ती प्रत्येकीला नावाने हाक मारत होती. हा शहाण्णवचा, यात खळ जास्त झाली. हा त्र्याण्णवचा, गुडघे दुखत होते, खालचा भाग भाचेसुनेने केला आणि मी परत केला. हा एक्याण्णवचा. हा अठ्ठ्याऐंशीचा, त्या वर्षी माती करडी आली होती. गार्व्हर प्रत्येक पट्टीपुढे शिसपेन्सिलीने आकडा घालत होता. बाराव्या पट्टीपाशी ती थांबली.

"हा पंच्याऐंशीचा," ती म्हणाली. "नवरा गेल्यावरचा पहिला. याच्याखाली त्र्याऐंशीचा निघेल. तो असतानाचा शेवटचा."

त्यानंतर ती सालं न सांगता नुसती सोलत गेली, आणि गार्व्हर आकडे घालत गेला. शेवटी सुरीच्या टोकाला लाल माती लागली. अंगणातून हुंकार आला, कारण तो लाल थर प्रत्येकाच्या घरात होता आणि प्रत्येकाला आठवत होता.

प्रुइटने मोजलं. मग खिशातला छोटा चाकू काढून त्याच्या टोकाने खालून वर मोजलं. मग पुन्हा वरून खाली मोजलं. त्याचा चेहरा पाहून गार्व्हर उठला आणि त्यानेही मोजलं.

"वीस," गार्व्हर म्हणाला.

एपिमेनियोने ते भाषांतरही केलं नाही. वीस हा आकडा आमच्याकडे सगळ्यांना कळत होता.

प्रुइट लगेच सावरला. बाईने एका वर्षी दोनदा पोतारलं असणार, म्हणाला. किंवा चौऱ्याऐंशीच्या जूनमध्ये एक दिवस येऊन रंगवून गेली. गार्व्हरने नकाशे वाचायचं भिंग काढलं आणि एकेक पट्टीची कड पाहिली. प्रत्येक दोन थरांमध्ये काजळी होती. कुठे जाड, कुठे पातळ, पण होती. तेराव्या थराखालीही होती, चांगली जाड. म्हणजे त्या हिवाळ्यात या चुलीत जाळ होता, आणि एक-दोन दिवसांचा नव्हता.

सगळ्यांनी सोस्तेनाकडे पाहिलं. ती त्या तेराव्या पट्टीकडे बघत होती. तिने सुरी घेतली आणि बाराव्या थराचा आणखी एक मोठा पापुद्रा, ताटाएवढा, अलगद उचलला. खिडकीतून येणारं तिरपं ऊन त्या उघड्या जागेवर पडलं. त्यावर फराटे होते. न घोटलेले, कातड्याचे, अर्धगोल फराटे.

"हा माझा हात नाही," ती म्हणाली, आणि खरं सांगायचं तर त्या क्षणी तिच्या आवाजात आनंद नव्हता, संताप होता. तिच्या घरात, तिच्या भिंतीवर, कोणी तरी असं काम करून ठेवलं होतं आणि तेरा वर्षं ती त्यावर घोटत बसली होती. ऑगस्टमध्ये परत आल्यावर तिने भिंती पांढऱ्या पाहिल्या होत्या. चूल पेटली नाही म्हणून पांढऱ्या, असं मनाशी म्हणून ती खाटेवर पडली होती. डोळे सुजलेल्या बाईने तेव्हा भिंत जवळून कशाला पाहावी?

मग तिला फराट्यांची दिशा दिसली. ते डावीकडून उजवीकडे नाही, उजवीकडून डावीकडे वळले होते. सगळेच्या सगळे, उलटे.

ती दाराकडे वळली. गर्दीच्या मागे, उंबऱ्याबाहेर, सणाची काळी शाल पांघरून दोमितिला उभी होती. ती सकाळपासून तिथेच होती. लोक आपोआप बाजूला झाले. सतरा वर्षांत प्रथमच दोघी समोरासमोर उभ्या होत्या.

"तू?" सोस्तेना म्हणाली.

"मग काय, गायीने चाटलं?" दोमितिला म्हणाली.

अंगण फुटलं. हसू आवरता आवरेना, म्हातारे डोळे पुसू लागले. गार्व्हरला काहीच कळलं नाही, आणि एपिमेनियोला ते कसं सांगावं ते कळेना. सोस्तेना हसली नाही. तिने चुलीजवळच्या टोपलीतून मेंढीच्या कातड्याचा तुकडा काढला, पाण्यात बुडवला, आणि खोली ओलांडून दोमितिलाच्या हातात दिला.

प्रुइट हरकत घेत होता. पाटाच्या हक्कदाराची साक्ष चालत नाही, वगैरे. गार्व्हर म्हणाला, साक्ष भिंतीने आधीच दिली आहे, मी फक्त हात ताडून बघतो आहे. दोमितिला आत आली, प्रुइटपुढून अशी गेली की जणू तिथे खुंटी आहे, आणि मेजावरच्या लाकडी पाटीवर डाव्या हाताने तीन फराटे ओढले. गार्व्हरने भिंग पाटीवर धरलं, मग भिंतीवर धरलं. ओढ सुटताना शेवटी मनगटाला जो झटका बसतो, तोही तोच होता.

"कोणाच्या सांगण्यावरून केलंस?" प्रुइटने विचारलं. "मजुरी मिळाली? या घराची किल्ली तुझ्याकडे होती?"

एपिमेनियोने प्रश्न सांगितला. दोमितिलाने उत्तर प्रुइटला दिलं नाही, सोस्तेनालाही नाही. गार्व्हरकडे बघून दिलं.

"किल्ली कशाला लागते? आमच्याकडे अडसर बाहेरून निघतो. साहेब, त्या हिवाळ्यात टेकडीवर घोडेस्वार यायचे. नवीन माणसं. जनावरं नसायची, कुत्री नसायची, नुसते उभे राहायचे आणि खाली गावाकडे बघायचे. मी म्हटलं, हे बघतात काय? मग कळलं. ते धुराडी मोजत होते. कुठल्या घरातून धूर येत नाही ते वहीत टिपून घेत होते. म्हणून मी रोज सकाळी पाट ओलांडून यायचे आणि हिची चूल पेटवायचे. बर्फ होतं तेव्हा पण. संध्याकाळी परत. ओली लाकडं घालायचे, म्हणजे धूर चांगला दिसावा. ही भिंत काळी झाली ती माझ्यामुळे, मग जूनमध्ये पांढरी कोणी करायची?"

प्रुइटने आपल्या कागदांकडे पाहिलं. त्यातच त्याच्या माणसाचा जबाब होता, की मी त्या काळात या वाटेने जात असे. तो इथून जात असे हे त्यानेच लिहून दिलं होतं. फक्त त्याने पाहिलेला धूर मात्र लिहायचा राहिला होता. चोराच्या उलट्या बोंबा, पण या वेळी बोंब चोराच्याच कागदावर पडली होती. गार्व्हरने तो कागद मागून घेतला, वाचला, आणि आपल्या वहीत ठेवून दिला.

नंतर त्याने एक ओळ लिहिली आणि एपिमेनियोला मोठ्याने वाचायला सांगितली. सदर घर दहा महिन्यांच्या काळात मालकिणीच्या वतीने शेजारणीने वहिवाटीत ठेवलं. चूल चालू होती, पोतारा झाला होता. वहिवाट सलग. वीस वर्षं पूर्ण.

प्रुइट निघून गेला. जाताना तो पाटावरच्या फळीवरून गेला नाही, पाण्यातून गेला, कारण फळीवर गावातले चार म्हातारे ऐसपैस बसले होते आणि त्यांना त्याच वेळी तंबाखू मळायची होती.

गार्व्हर सह्या घेत होता तेव्हा सोस्तेनाने त्याला थांबवलं. ती म्हणाली, कागदावर शेजारणीने असं लिहिलं आहे. शेजारणी पुष्कळ आहेत. नाव लिहा. दोमितिला आरागोन. पूर्ण लिहा. आणि ती डावखुरी आहे हेही लिहा, म्हणजे शंभर वर्षांनी कोणी भिंत उघडून पाहिली तर ताडून बघता येईल. गार्व्हरने लिहिलं. दोमितिलाला अक्षर येत नव्हतं. तिने डाव्या हाताने फुली मारली, आणि तीही जरा उलटीकडे झुकलेली आली.

गाव पांगलं. पाटाचं पाणी कुंपणाच्या आतून खाली बावीस शेतांकडे चाललं होतं, काल चाललं होतं तसंच. दोमितिला जायला निघाली तेव्हा सोस्तेनाने तिला बस म्हटलं आणि घेवड्याची वाटी पुढे ठेवली, लाल मिरचीचा रस्सा वर घालून. दोमितिलाने दोन घास खाल्ले.

"तेरा वर्षं गप्प बसलीस," सोस्तेना म्हणाली.

"तू विचारायला आली असतीस तर सांगितलं असतं."

"मला काय माहीत, विचारायचंय ते?"

"आणि सांगून काय झालं असतं? दुसऱ्या दिवशी पहाटे उठून परत पोतारली असतीस."

सोस्तेनाने ते नाकारलं नाही. ती खोटं बोलत नसे. तिने मान खाली घातली, आणि ज्या बाईला नवऱ्याच्या दफनालाही कोणी रडताना पाहिलं नव्हतं ती हुंदके देऊन रडली. दोमितिलाने वाटी संपवली, मिरची कमी पडली आहे असं म्हणाली, आणि उठून तिच्या शेजारी जाऊन बसली, पाठ सरळ भिंतीला टेकून. सोस्तेनाने तिला उठवलं नाही.

पुढच्या वर्षी सरकारी कागद आला, शिक्क्यासकट. तोवर जून येऊन गेला होता. सोस्तेनाने नेहमीप्रमाणे सगळं घर पोतारलं, घोटलं. फक्त चुलीजवळ, खांद्याच्या उंचीवर, ताटाएवढी जागा तशीच सोडली. तिथे तेरावा थर उघडा होता आणि त्यावर ते उलटे फराटे. कडा मात्र तिने सुरीने नीट कापून सरळ केल्या, चौकटीसारख्या. पुढे ती बारा वर्षं जगली आणि दर जूनला त्या चौकटीच्या कडेपर्यंत येऊन तिचा हात थांबे. एकदा भाचेसून मदतीला आली आणि राहिलेली जागा बघून कातडं बुडवून तिकडे वळली. सोस्तेनाने तिचं मनगट धरलं.

"ती दोमितिलाची," ती म्हणाली. "माझ्याच्याने तशी व्हायची नाही."